दहाव्याचे केस

माझा धंदा माणसं अडकवून ठेवायचा आहे. उस्मानपुऱ्यात एका मेडिकलच्या वर माझी खोली आहे, दारावर 'संध्या आर्ट्स' अशी पाटी आहे, आणि मुंबईचं कुणी शूटिंगला आमच्या भागात आलं की त्यांना लागतील ती माणसं मी पुरवते. लग्नाच्या गर्दीला दीडशे, मोर्चाला तीनशे, आणि तोंड दाखवून चार वाक्यं बोलणारा एखाददुसरा. गर्दीचं काही नसतं, जेवण दिलं की ती येते. चार वाक्यांवाला मात्र 'होल्ड'वर ठेवावा लागतो. म्हणजे पहिलं शूटिंग संपल्यापासून दुसरं सुरू होईपर्यंत तो माणूस जसा दिसला तसाच राहिला पाहिजे. केस कापायचे नाहीत, दाढी काढायची नाही, सुटायचं नाही, वाळायचं नाही. या थांबण्याचे पैसे मिळत नाहीत. पैसे फक्त कॅमेऱ्यासमोर उभं राहिलेल्या दिवसाचे. मोठ्या नटांना थांबायचेही मिळतात म्हणे. आमच्याकडं तशी पद्धत नाही, आणि नाही म्हणूनच ते आमच्याकडं येतात.

मी स्वतः बावीस वर्षं नाटक केलं. स्पर्धेतली दोन रौप्यपदकं घरात कपाटात आहेत. चाळिशी उलटल्यावर लक्षात आलं की आपल्याला आता आईची कामंसुद्धा कुणी देत नाही, तेव्हा ही पाटी लावली. नटांची दलाल झाली, असं लोक माझ्या पाठीमागं म्हणतात. पुढ्यात ताई म्हणतात, कारण पुढचं काम माझ्याकडूनच यायचं असतं.

विश्वजीत औताडे मात्र पाठीमागंही ताईच म्हणायचा. अकरा वर्षं आम्ही एकत्र नाटक केलं. तो कधी माझा नवरा झाला, कधी भाऊ, आणि एकदा सासरा, तेसुद्धा मी त्याच्यापेक्षा आठ वर्षांनी मोठी असताना. एवढा चांगला नट मी आपल्या भागात दुसरा पाहिला नाही. हे मी त्याला कधी सांगितलं नाही, सांगितलं असतं तर त्यानं रेट वाढवून मागितला असता. एक्केचाळीस वर्षांचा झाला तरी शहरात भाड्याच्या दोन खोल्यांत राहत होता. बायको मोनिका बालवाडीत शिकवायची. हा डिसेंबरात शाळांची गॅदरिंग बसवायचा, लग्नात माईक धरायचा, आणि मार्चमध्ये वाळूजच्या कंपन्यांतून सुरक्षा सप्ताहाची नाटकं करायचा. हेल्मेट न घालणारा कामगार, मग त्याचा अपघात, मग रडणारी बायको. वीस मिनिटांचं नाटक, एका दिवसात तीन कंपन्या. वर्षभराचं घरभाडं त्या एका आठवड्यात निघायचं. कंपनीवाल्यांची अट एकच, कामगार गुळगुळीत दाढी केलेला पाहिजे, कारण मास्क दाढीवर नीट बसत नाही आणि त्यांना तेच तर दाखवायचं असतं.

नोव्हेंबरात मुंबईची एक कंपनी वेब सिरीज घेऊन फर्दापूरला आली. लेणी बघायला येणाऱ्या एका बाईचा लॉजमध्ये खून होतो, अशी काहीतरी गोष्ट. त्यातल्या लॉजच्या वॉचमनसाठी त्यांनी विश्वजीतला घेतलं. वॉचमनचं नाव भिवा. केस मानेवर, दाढी वाढलेली. खून यानंच पाहिलेला असतो आणि शेवटाला हाच कोर्टात तोंड उघडतो. एकूण सात सीन. तीन नोव्हेंबरात झाले, चार राहिले. ते जानेवारीत होणार होते, मग फेब्रुवारीत, मग मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात.

सुरक्षा सप्ताह मार्चच्या पहिल्या आठवड्यात असतो. विश्वजीतनं तो सोडला. त्याच्या जागी दुसऱ्यानं कामगार केला, वाईट केला, आणि पुढच्या वर्षाचंही काम त्यालाच मिळालं.

"जाऊ द्या ताई," विश्वजीत म्हणाला. "हेल्मेट घालून घालून माझं डोकं बसायला लागलं होतं. ह्यात कोर्टाचा सीन हाय. दोन पानं एकटा बोलतो मी."

ती दोन पानं त्यानं माझ्या खोलीत मला चार वेळा म्हणून दाखवली. चौथ्या वेळी मी खाली मेडिकलवाल्याकडं जाऊन उगाच डोकेदुखीची गोळी घेतली, कारण मला रडू आलं होतं आणि ते त्याला दिसू द्यायचं नव्हतं.

फेब्रुवारीच्या शेवटच्या शुक्रवारी त्याचे वडील गेले. नानासाहेब औताडे, फुलंब्रीच्या पुढं त्यांचं गाव. शेतातून आले, पाणी मागितलं, आणि पाणी येईपर्यंत संपलं. मी तिसऱ्या दिवशी भेटायला गेले. ओसरीवर माणसं बसली होती. विश्वजीत मला बघून उठला आणि गोठ्याच्या बाजूला घेऊन गेला. डोळे सुजलेले, दाढीत राख की धूळ काहीतरी अडकलेलं.

"ताई, दहाव्याचं काय करू?"

त्यानं काय विचारलं ते मला लगेच कळलं. दहाव्याला मुलांनी डोकं करायचं असतं. केस, दाढी, मिशी, सगळं. थोरल्यानं तर करायचंच, आणि हा थोरला होता.

"विचारते," मी म्हणाले.

तिथूनच मी तनुजाला फोन लावला. तनुजा म्हणजे कंपनीची मुंबईतली कास्टिंगची मुलगी, वय असेल सव्वीस, वाईट अजिबात नाही, फक्त तिला कधी कुणी नाही म्हटलेलं नसावं. ती आधी म्हणाली, "ओह, सो सॉरी." मग म्हणाली, "पण संध्या मॅम, लूक नाही बदलता येणार. कोर्टाच्या सीनला क्लोजअप आहेत, विग दिसेल. आणि ॲग्रीमेंटमध्ये क्लॉज आहे ना, लूक चेंज झाला तर आधीच्या तीन सीनचा रीशूट कॉस्ट आर्टिस्टवर." शेवटी म्हणाली, "थोडे दिवस पुढं नाही का ढकलता येणार ते?"

मी तिला दहावा पुढं ढकलता येत नाही हे सांगत बसले नाही. विश्वजीतला येऊन सांगितलं, "ठेवावे लागतील."

त्यानं मान हलवली. "आईला सांगतो," एवढंच म्हणाला. आत जाऊन आला तेव्हा त्याचा चेहरा जरा सैल झाला होता. आशाबाई त्याला म्हणाल्या होत्या, "ठिव. त्येंनीच गावभर सांगून ठिवलंय, माझं पोरगं कोर्टात बोलणार हाय म्हणून. त्येंचीच हौस हाय समज."

इथंपर्यंत मी काही चूक केली असं मला वाटत नाही. कामाची अडचण असते, माणसं तोड काढतात. नोकरीवाले दुसऱ्या दिवशी कामावर जातात, त्यांना कुणी काही म्हणत नाही. पुढचं मात्र माझं आहे.

आठव्या दिवशी, शुक्रवारी संध्याकाळी, मी क्रांती चौकात सिग्नलला रिक्षात बसलेली असताना तनुजाचा फोन आला. बाजूला बसचा हॉर्न वाजत होता, म्हणून मी तिला दोनदा बोलायला लावलं.

"मॅम, स्क्रिप्ट ट्रिम झालीय. कोर्टाचा पूर्ण ट्रॅक गेला. भिवाचे चारही सीन नाहीत आता. फक्त एक पासिंग शॉट आहे, रात्री बॅटरी घेऊन पायऱ्या उतरतो, पाठीमागून. डोक्यावर घोंगडी असणार आहे."

"मग त्याला सोडते मी," मी म्हणाले. "रविवारी त्याच्या वडिलांचा दहावा आहे."

"नको नको, रिलीज नका करू. डिरेक्टर सर अजून विचार करतायत. फायनल बुधवारी कळवते. नाइंटी पर्सेंट हेच आहे, पण समजा परत आला ट्रॅक तर? आणि मॅम, पुढच्या महिन्यात आमची फिल्म आहे तिथंच, पंचेचाळीस दिवस. रोजची साठ माणसं लागतील. मी तुमचंच नाव दिलंय. सरांना एवढंच बघायचंय की लोकल कोऑर्डिनेटरची माणसं टिकतात की नाही."

सिग्नल सुटला. मी हो म्हणाले.

रोजची साठ माणसं, पंचेचाळीस दिवस. माणशी माझे पन्नास धरले तरी मुलीच्या नर्सिंगची फी त्यात निघत होती. हे गणित मी उस्मानपुऱ्याला पोचायच्या आत केलं, आणि दहाव्याचा विचार घरी पोचल्यावर. उलटं झालं असतं तर मी आज हे लिहीत बसले नसते.

स्वतःला समजावायला मला फार वेळ लागत नाही, सवय आहे. दहा टक्के तरी शक्यता आहेच ना, असं म्हटलं. रविवारी त्यानं डोकं केलं आणि बुधवारी कोर्टाचा सीन परत आला तर तो मलाच शिव्या घालेल, असंही म्हटलं. मग त्याच्या भल्यासाठीच गप्प बसायचं ठरवलं. दुसऱ्याच्या भल्यासाठी घेतलेला निर्णय आपल्याच फायद्याचा निघाला की मला हल्ली दचकायलाही होत नाही.

शनिवारी त्याचाच फोन आला. "ताई, कोर्टाच्या सीनला मी थोडा बारीक झालेला दिसलो तर चालंल का? ह्या आठ दिवसांत जेवण गेलं नाय. पण भिवा पण घाबरलेलाच हाय की तवा."

"चालेल," मी म्हणाले.

"एक वाक्य सापडत नव्हतं ना मला, 'साहेब, मी तिथंच उभा होतो' ते. आता सापडलं."

मी विचारलं नाही कुठं सापडलं. बापाजवळ तो उभा नव्हता, शहरात एका लग्नात माईक धरून होता, हे मला माहीत होतं.

रविवारी सकाळी मी दहाव्याला गेले. निघताना मनात एवढं नक्की होतं की समोरासमोर सांगायचं. नदीच्या काठाला मांडव टाकला होता, महाराजांचं प्रवचन चाललं होतं, एका बाजूला बायका, एका बाजूला पुरुष, आणि खाली पाण्याजवळ दोन न्हावी पोत्यावर बसलेले. भावकीतली पोरं एकेक करून पुढं बसत होती. सत्यम, विश्वजीतचा धाकटा भाऊ, त्याचं डोकं निम्मं झालं होतं. विश्वजीत त्याच्या शेजारी उघड्या अंगानं उभा होता, खांद्यावर पंचा, केस मानेवर.

न्हाव्यानं त्याला हातानं बस म्हणून खुणावलं. तो बसला नाही.

"काय रं?" सर्जेराव, त्यांचे चुलते, वरून ओरडले. माईकवरच्या महाराजांपेक्षा त्यांचा आवाज मोठा. "थोरला तू हायस का हा हाय?"

"काका, काम हाय माझं. शूटिंग हाय गुरुवारी. केस काढता येत नाहीत."

"शूटिंग?" सर्जेराव दोन पायऱ्या खाली उतरले. "बापानं एकर इकून तुला त्या नाटकाच्या कॉलेजात घातलं. त्येला चार केस दिऊ वाटंनात व्हय तुला?"

मांडवातले लोक वळून बघायला लागले. महाराजांनी एक अभंग धरला, बहुतेक प्रसंग झाकायला. विश्वजीतचे ओठ हलले पण आवाज आला नाही. ज्याचा आवाज माईकशिवाय शेवटच्या रांगेपर्यंत जायचा, त्याला स्वतःच्या नदीवर चार शब्द बोलता येईनात.

तेव्हा आशाबाई उठल्या. माझ्यापासून दोन बायका सोडून बसल्या होत्या. नवऱ्याचा दहावा, डोक्यावरचा पदर नाकापर्यंत, आणि तशाच उभ्या राहून म्हणाल्या, "भावजी, म्या सांगितलंय त्येला. त्येचं पोट हाय ते. मालक असते तर त्येंनी पण हेच सांगितलं असतं. आता कुणी बोलू नका."

सर्जेराव थुंकले आणि वर गेले. सत्यम मान खाली घालून बसला होता, वस्तरा त्याच्या कानामागं चालला होता. त्यानं भावाकडं बघितलं नाही, त्या दिवशीही नाही आणि नंतरही बरेच महिने नाही.

मी दहा हातांवर होते. उठून एवढंच म्हणायचं होतं, विश्वजीत, बस खाली, तो सीन गेला. पाच-सहा शब्द. बावीस वर्षं मी भरलेल्या नाट्यगृहात बोलले आहे, मला लोकांची भीती नाही. मी पर्समधून रुमाल काढला आणि तोंड पुसलं. शेजारची बाई म्हणाली, "ऊन लई हाय ना?" मी म्हणाले, "व्हय."

न्हाव्यानं वस्तरा धुतला आणि पेटीत ठेवला.

बुधवारी संध्याकाळी तनुजाचा मेसेज आला, फायनल, एकच शॉट. गुरुवारी मी स्वतः त्याला घेऊन फर्दापूरला गेले. वाटेतही सांगितलं नाही. आता सांगून काय होणार, असं म्हणत होते. तो गाडीत कोर्टाची पानं घेऊन बसला होता, सिल्लोड येईपर्यंत ओठांतल्या ओठांत म्हणत होता, मग त्याला झोप लागली.

सेटवर त्याला घोंगडी दिली. "ही कुठल्या सीनला?" त्यानं विचारलं. एका असिस्टंटनं सांगितलं. मी तेव्हा चहाच्या टेबलाशी होते, मुद्दामच. लांबून मला एवढं दिसलं की त्यानं त्या पोराला काहीतरी विचारलं, पोरानं हातातला कागद दाखवला, विश्वजीतनं तो वाचला, परत दिला, आणि घोंगडी डोक्यावर घेतली.

लॉजच्या मागच्या पायऱ्या तो पाच वेळा उतरला. अंधार पडल्यावर सुरू झालं आणि अर्ध्या तासात संपलं. तिसऱ्या वेळेला डिरेक्टर म्हणाले, "घोंगडी अजून पुढं, केस दिसतायत." चौथ्या वेळेला बॅटरी लागली नाही. पाचवा ओके झाला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, कारण कुणाचंही काम संपलं की त्या वाजवायची त्यांच्यात रीत आहे.

परतताना आम्ही घाट चढून वर आलो. मग त्यानं ड्रायव्हरला रेडिओ बंद करायला सांगितलं.

"ताई, तुम्हाला कधी कळलं हे?"

"काल संध्याकाळी," मी म्हणाले.

"काल." त्यानं बोटांवर काहीतरी मोजलं. "म्हणजे दहाव्याच्या नंतरच."

"हो."

"मग तुमचा काय दोष," तो म्हणाला, आणि माझ्या हातावर थोपटलं. त्यानं मला, मी त्याला नाही. मला इतकी स्वतःची किळस कधी आली नव्हती, आणि तरी तोंड उघडलं नाही.

फिल्मचं काम मला मिळालं, दुसऱ्याच दिवशी करार झाला. साठ माणसं, पंचेचाळीस दिवस. पुढं मुलीची फी त्यातूनच भरली.

फर्दापूरहून आल्यावरच्या रविवारी सकाळी मी चहा घेत होते तेव्हा विश्वजीतचे तीन फोटो आले. एक समोरून, एक डावीकडून, एक उजवीकडून, मागं चुना मारलेली पांढरी भिंत, आम्ही कास्टिंगला मागतो तसेच. डोकं पूर्ण केलेलं. दाढी नाही, मिशी नाही. चार महिने दाढीखाली राहिलेली कातडी बाकीच्या चेहऱ्यापेक्षा पांढरी दिसत होती आणि कानापाशी वस्तऱ्याचा एक कापा होता. डोळे बरोबर कॅमेऱ्यात, हनुवटी किंचित खाली, उजेड एका बाजूनं. बापासाठी काढलेलं डोकं त्यानं नीट उजेडात उभं राहून टिपलं होतं.

खाली लिहिलं होतं: "ताई, काल गावी जाऊन केले. आईनं पाटावर बसवून समोर करून घेतले. आता नवीन लूक आहे, असा कुणाला लागत असेल तर बघा. दोन-तीन महिने असाच ठेवू शकतो."

मी ते बराच वेळ बघत बसले. खरं सांगायचं तर आता सांगायला हवं होतं. आता त्यात कुणाचं काही अडत नव्हतं, माझा करारही झाला होता. मी फोटो तनुजाला पुढं पाठवले आणि त्याला लिहिलं, "छान आलेत. पाठवले."

लगेच उत्तर आलं. "थँक यू ताई. तुमच्यामुळंच चाललंय आमचं."